छोटा वायरलेस फ्लॅश आणि मिररलेस कॅमेरा: हळदीच्या मांडवापासून वरातीपर्यंत

मराठवाड्यातल्या एकाच लग्नात उजेड चार रूपं दाखवतो. सकाळी हळदीला अंगणातला मांडव, वर हिरवं नाहीतर लाल-पिवळं कापड आणि कापडाच्या कडेबाहेर डोळे दिपवणारं ऊन. दुपारी पत्र्याच्या उंच छताचं मंगल कार्यालय. गोरज मुहूर्त असेल तर मंगलाष्टकं संपेपर्यंत दिवस मावळलेला. मग वरात, आणि तिथे बँडवाल्यांच्या दिव्यांशिवाय काहीच नाही. कॅमेऱ्याच्या डोक्यावर फ्लॅश चढवून सगळीकडे समोरूनच मारला, तर चारही ठिकाणी एकच फोटो मिळतो: पांढरेफटक चेहरे आणि मागे काळोख.

तोच फ्लॅश कॅमेऱ्यावरून उतरवून, माणसाच्या बाजूला धरून वायरलेस ट्रिगरने, म्हणजे कॅमेऱ्यावर बसणाऱ्या छोट्या रेडिओ यंत्राने, उडवला की चेहऱ्याला आकार येतो, दागिन्याला धार येते. तळहातावर मावणारे, दोन सेलवर किंवा छोट्या लिथियम बॅटरीवर चालणारे फ्लॅश मिररलेस बॉडीला वजनानेही शोभतात. ताकद मात्र त्यांची बेताची असते, आणि ती भरून काढायची एकच खात्रीची वाट आहे: फ्लॅश माणसाच्या जवळ नेणं. पुढे जे सांगितलं आहे ते बहुतेक याच एका गोष्टीभोवती फिरतं.

घेण्याआधी

ट्रिगर कॅमेऱ्याच्या कंपनीप्रमाणेच घ्यावा लागतो. गोडॉक्सच्या ट्रिगरच्या नावापुढे सोनीसाठी एस, कॅननसाठी सी, निकॉनसाठी एन, फुजीसाठी एफ असं अक्षर असतं. अक्षर चुकलं तर मधल्या पिनमुळे फ्लॅश कदाचित उडेलही, पण टीटीएल (पॉवर कॅमेऱ्याने आपोआप ठरवणं) आणि हायस्पीड सिंक (खूप वेगवान शटरलाही फ्लॅश उडणं) चालणार नाही. स्टँडवरच्या फ्लॅशला ही अट तितकी कडक नाही. एकाच कंपनीची, एकाच रेडिओ पद्धतीची यंत्रं बहुधा एकमेकांचं ऐकतात. पण एका कंपनीचा ट्रिगर आणि दुसऱ्या कंपनीचा फ्लॅश, दोन्हींच्या डब्यावर २.४ गिगाहर्ट्झ छापलेलं असलं तरी, आपोआप जुळत नाहीत. दुकानात कॅमेरा सोबत न्या, ट्रिगर चढवा, दहा फोटो काढा आणि मगच पैसे द्या. काही सुरुवातीच्या श्रेणीतल्या बॉडींच्या हॉट शूची, म्हणजे फ्लॅश बसवायच्या वरच्या खाचेची, रचना नेहमीपेक्षा वेगळी असते आणि मध्ये अडॅप्टर लागतो. तेही तिथेच कळतं.

कपाटात पडलेला वीस-तीस वर्षांपूर्वीचा फ्लॅश मिररलेसच्या शूवर थेट बसवू नका. जुन्या काही फ्लॅशच्या ट्रिगर पिनवर २०० व्होल्टच्या वर दाब असतो, आणि नव्या कॅमेऱ्याची सर्किट तेवढ्यासाठी बनलेली नसते. फ्लॅश उडतो, फोटोही येतो आणि एखाद्या दिवशी शू कायमचा बंद पडतो.

डब्यावरचा गाइड नंबर, म्हणजे फ्लॅशच्या ताकदीचा आकडा, नीट वाचा. तळहाताएवढ्या फ्लॅशवर ३६ असा आकडा दिसतो, पण तो आयएसओ १०० ला आणि फ्लॅशचं डोकं १०५ मिलिमीटरच्या झूमवर असतानाचा असतो, म्हणजे उजेड सगळा एका चिंचोळ्या झोतात गोळा केल्यावरचा. डोकं ३५ वर आणलं की हाताशी २० धरून चाला. त्यापुढे पांढरी अंब्रेला लावली की साधारण दोन स्टॉप (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा किंवा दुप्पट) जातात आणि हातात उरतो १०. हा १० चा आकडा लक्षात असला की पुढचे सगळे हिशेब तोंडी होतात.

गाइड नंबर भागिले मीटरमधलं अंतर म्हणजे अपर्चर. आयएसओ चौपट केला की गाइड नंबर दुप्पट होतो. तेव्हा आयएसओ ४०० ला अंब्रेलासकट २० मिळतो. नवरी फ्लॅशपासून दीड मीटरवर असेल तर फुल पॉवरला एफ १३ येतो, आणि १/८ पॉवरला साधारण एफ ४.५. आता तोच फ्लॅश तीन मीटरवर न्या. एफ ४.५ साठी १/२ पॉवर लागेल, म्हणजे चौपट वीज. दीड मीटरवरचा फ्लॅश १/८ ला लगेच पुन्हा तयार होतो, गरम होत नाही आणि दिवसभर पुरतो. तीन मीटरवरचा प्रत्येक फोटोनंतर थांबायला लावतो, आणि नेमकं हार घालताना त्याचा दिवा लागलेला नसतो.

सेलवर चालणारा फ्लॅश असेल तर साधे अल्कलाइन सेल वापरू नका. एकापाठोपाठ फोटो काढताना ते लवकर दमतात. रिचार्जेबल निकेल मेटल हायड्राइड सेल, २००० एमएएचच्या पुढचे, घ्या. दोन सेलची जोडी ठरवून त्यावर मार्करने १-१, २-२ असे आकडे टाका आणि जोडी कधी मोडू नका. जोडीत एक सेल थकलेला असला की तो दुसऱ्यालाही ओढतो.

जोडणी

कॅमेरा आणि ट्रिगर दोन्ही बंद असताना ट्रिगर शूमध्ये सरकवा. पुढे टेकेपर्यंत ढकला आणि मग लॉक फिरवा. सोनीच्या शूमध्ये पुढच्या ओठाखाली बारीक पट्ट्यांची रांग असते. ट्रिगर तिरका घालून वर-खाली हलवला की त्या वाकतात, आणि मग फ्लॅश कधी उडतो कधी नाही अशी न संपणारी कटकट सुरू होते.

आधी ट्रिगर चालू करा, मग कॅमेरा. फ्लॅशवर वायरलेसचं बटण दाबत जा, जोवर पडद्यावर रिसीव्हरची खूण येत नाही तोवर. रेडिओची आणि ऑप्टिकलची (दुसऱ्या फ्लॅशच्या उजेडावर उडण्याची) खूण वेगळी असते, रेडिओचीच निवडा. मग दोन्हीकडे चॅनल एकच ठेवा, उदाहरणार्थ १५. आयडी नंबर असेल तर तोही दोन्हीकडे सारखा, आणि काहीतरी आडनिडा ठेवा: ४७, ६३ असं. कारण एकाच मंगल कार्यालयात नवऱ्याकडचा एक आणि नवरीकडचा एक असे दोन फोटोग्राफर असतात, दोघांकडे एकाच कंपनीचे ट्रिगर असतात आणि दोघांचेही डब्यातून निघाले तसे चॅनल १ वर असतात. मग तुमचा फ्लॅश त्यांच्या क्लिकवर उडतो आणि तुमच्या क्लिकला रिकामा असतो.

ग्रुप ए मध्ये समोरचा फ्लॅश, बी मध्ये मागचा. ट्रिगरवरचं टेस्ट बटण दाबा, उडाला की झालं. ट्रिगर आणि फ्लॅश अगदी हातभर अंतरावर असतील आणि फ्लॅश दाद देत नसेल, तर काही ट्रिगरमध्ये अंतराचा पर्याय असतो: ०-३० मीटर किंवा १-१०० मीटर. पहिला निवडा.

आता कॅमेरा. शटर मेकॅनिकलवर घ्या, कारण सायलेंट किंवा इलेक्ट्रॉनिक शटरला बहुतेक मिररलेस फ्लॅश उडवतच नाहीत. दिवसभर मंदिरात सायलेंटवर काम करून संध्याकाळी फ्लॅश लावला आणि तो मेला आहे असं वाटलं, तर दहातल्या नऊ वेळा कारण हेच.

दुसरी गोष्ट पडद्याची. मॅन्युअलला मिररलेसचा पडदा एक्सपोजर जसं येणार तसं दाखवतो आणि त्याला फ्लॅश येणार हे माहीत नसतं. मांडवात १/२०० आणि एफ ५.६ लावलं की व्ह्यूफाइंडर काळाठिक्कर. सोनीमध्ये लाइव्ह व्ह्यू डिस्प्लेमधला सेटिंग इफेक्ट बंद करा, कॅननमध्ये एक्सपोजर सिम्युलेशन, फुजीमध्ये मॅन्युअल मोडमधला प्रिव्ह्यू, निकॉनमध्ये लाइव्ह व्ह्यूला सेटिंग लावण्याचा पर्याय. हा पर्याय एखाद्या कस्टम बटणावर ठेवणं फार सोयीचं आहे, कारण फ्लॅश काढून नुसत्या उजेडात काम करताना तो परत चालू हवा असतो.

शेवटी सिंकचा वेग, म्हणजे फ्लॅशसोबत नेहमीसारखं चालणारं सर्वात वेगवान शटर. सोनी ए७ III आणि फुजी एक्स-टी४ ला तो १/२५०, निकॉन झेड५ आणि झेड५० ला १/२००, फुजी एक्स-टी३० ला १/१८०, सोनी ए७सी आणि ए६४०० ला १/१६०. याच्या वर गेलात तर फोटोच्या एका कडेला काळी पट्टी येते. आपला कॅमेरा माहीत नसेल तर १/१६० वर राहा.

आधी मागचा उजेड, मग फ्लॅश

फ्लॅश लावल्यावर फोटोत दोन उजेड असतात आणि दोघांच्या चाव्या वेगळ्या असतात. शटर फक्त जागेवरच्या उजेडाला हात लावतं. पॉवर आणि अंतर फक्त फ्लॅशला. अपर्चर आणि आयएसओ दोघांनाही.

म्हणून क्रम असा ठेवा. ट्रिगर बंद करून एक फोटो काढा. माणसामागची भिंत, मांडव, आकाश जेवढं उजळ हवं त्यापेक्षा एक स्टॉप गडद येईपर्यंत शटर आणि आयएसओ बदला. माणूस काळपट दिसेल, दिसू द्या. मग ट्रिगर चालू करा, पॉवर १/१६, आणि गाल बघा. कमी वाटला तर १/८, जास्त वाटला तर १/३२. दोन-तीन फोटोंत ठरतं. ठरल्यावर शटर, अपर्चर, आयएसओ यांना हात लावू नका. माणूस पुढे-मागे झाला तर फ्लॅश धरणाऱ्याने तेवढंच पुढे-मागे व्हायचं.

फ्लॅश धरणारा माणूस हवाच. गर्दीच्या मांडवात स्टँडपेक्षा मोनोपॉडला फ्लॅश लावून धरणारं चुणचुणीत पोरगं शंभर पटीने कामाचं. त्याला एवढंच सांगा: फ्लॅश नवरीच्या डोळ्यांच्या रेषेपेक्षा दोन वीत वर, तिच्यापासून दीड मीटर, आणि फोटोग्राफरच्या खांद्याला चिकटायचं नाही. अंतर मोजायला मोनोपॉडवर दीड मीटरला रंगीत टेप गुंडाळा.

टीटीएल कधी? जिथे अंतर सारखं बदलतं तिथे, म्हणजे पाठवणीला, वरातीत. टीटीएलमध्ये फोटोआधी एक छोटी उडी मारून कॅमेरा किती उजेड परत आला ते मोजतो. समोर पांढरं धोतर, पांढरा सदरा आणि पांढरी टोपी घातलेले चार आजोबा एका रांगेत बसले असतील तर उजेड भरपूर परत येतो, कॅमेरा पॉवर कमी करतो आणि आजोबांचे चेहरे झाकोळतात. तिथे फ्लॅश कॉम्पेन्सेशन +०.७ ते +१. काळ्या कोटातला नवरदेव असला की उलट, -०.७. जिथे माणसं एका जागी बसलेली आहेत तिथे टीटीएलचा मोह सोडा. एका पंगतीच्या चाळीस फोटोंत चाळीस वेगळे उजेड आले की अल्बमवाला हैराण होतो.

हळद

सकाळी नऊ ते अकरा. मांडवाखाली सावली, पण ती रंगीत: हिरव्या कापडाखाली चेहरे आजारी दिसतात, लाल कापडाखाली भाजल्यासारखे. इथे फ्लॅश उजेड वाढवायला नाही, रंग सुधारायला लागतो. जवळून आलेला फ्लॅश चेहऱ्यावर कापडाच्या रंगापेक्षा जोरदार पडला की कातडीचा खरा रंग परत येतो. आयएसओ २००, एफ ५.६, शटर १/१६० ते १/२००, डिफ्युझर लावून दीड मीटरवर १/४ ने सुरुवात करा. व्हाइट बॅलन्स फ्लॅशवर ठेवा, ऑटोवर नको. ऑटो प्रत्येक फोटोत हळदीचा पिवळा पाहून वेगळं मत देतं.

फ्लॅशचं तोंड मांडवाच्या कापडाकडे करून बाउन्स करू नका. उजेड कापडाचा रंग घेऊनच खाली येतो. अंगणाला चुन्याची भिंत असेल तर तिच्यावर मारा, तिच्यासारखा रिफ्लेक्टर विकत मिळत नाही.

आणि हळद. ती हवेत असते, तेलात असते, लोकांच्या हातांत असते, आणि ओली हळद फ्लॅशच्या शूमध्ये गेली की पिनांवर थर बसतो. फ्लॅश आणि ट्रिगर दोन्हींना पातळ पारदर्शक पिशवी घाला, रबरबँड लावा, फ्लॅशचं काचेचं तोंड उघडं ठेवा. कोरडी हळद आधी ब्लोअरने आणि मऊ कोरड्या ब्रशने झाडायची. ओल्या फडक्याने पुसली की ती पसरते. पांढऱ्या डिफ्युझरला पिवळा डाग पडला तर त्यातून येणारा उजेडही पिवळा होतो. घरी आल्यावर साबणाने धुवा आणि उन्हात वाळत टाका. हळदीचा रंग उन्हाने उडतो, आपल्या उन्हात तर लवकरच.

खंडोबाच्या यात्रेत, लोहा तालुक्यातल्या माळेगावला, भंडारा उधळतात तेव्हा हेच सगळं दसपटीने. तिथे फ्लॅश समोरून मारला तर कॅमेऱ्याजवळचे कण पांढरे ठिपके होऊन दिसतात. फ्लॅश उधळणाऱ्याच्या मागे, खांद्याच्या उंचीवर, तोंड कॅमेऱ्याच्या दिशेने पण लेन्समध्ये थेट न येईल असं ठेवा, १/८ वर. भंडाऱ्याचा लोट आतून पेटल्यासारखा दिसतो आणि माणूस त्यात उभा राहतो. त्याच यात्रेत घोडे आणि इतर जनावरंही असतात. त्यांच्या डोळ्यांसमोर फ्लॅश नको. बुजलेलं जनावर गर्दीत माणसं तुडवतं. पोळ्याला बैलांच्या बाबतीतही तेच: चार मीटरच्या अलीकडे नाही, आणि आधी मालकाला विचारून एक उडी दूरवरून दाखवायची.

मंगल कार्यालय

पत्र्याचं छत सात-आठ मीटर उंच असलं तर बाउन्स विसरा; उजेड वर जाऊन परत येईपर्यंत त्यात जीव उरत नाही. स्टेजवर दोन फ्लॅश पुरतात. समोरचा ए, नवरा-नवरीच्या डावीकडे ४५ अंशात, डोक्याच्या वर हातभर, अंब्रेलात. मागचा बी, उजवीकडे फुलांच्या खांबाआड, उघडा, झूम ५० वर, ए पेक्षा एक स्टॉप कमी. या मागच्या फ्लॅशमुळे केसांची, मुंडावळ्यांची आणि शालूच्या काठाची कडा मागच्या गडद पडद्यातून सुटून येते. बी च्या तोंडाच्या दोन्ही बाजूंना काळ्या पुठ्ठ्याच्या पट्ट्या चिकटवा, नाहीतर तो लेन्समध्ये शिरतो आणि सगळा फोटो धुवट होतो.

स्टँडच्या पायाला वाळूची पिशवी बांधा. वाळू नसेल तर पाच लिटरचा पाण्याचा कॅन टांगा. पंखे आणि पोरं दोन्हींपासून अंब्रेलाला धोका असतो.

एलईडी दिव्यांचा लपलपाट डोळ्यांना दिसत नाही, कॅमेऱ्याला दिसतो. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, म्हणून साधे दिवे सेकंदाला १०० वेळा कमी-जास्त होतात. मागच्या सजावटीत आडव्या पट्ट्या दिसू लागल्या तर शटर १/१०० किंवा १/५० वर आणा. फ्लॅशचा उजेड इतका क्षणिक असतो की चेहरा १/१०० लाही हलत नाही, फक्त जागेवरचा उजेड पुरेसा गडद ठेवा.

रेडिओचीही गर्दी असते. व्हिडिओवाल्यांचे वायरलेस माइक बहुधा २.४ गिगाहर्ट्झवरच चालतात, शिवाय कार्यालयाचा वायफाय आणि शेकडो मोबाइल. मध्ये माणसांची भिंत असली तर आणखी वाईट, कारण अंगातलं पाणी ही लहर शोषतं. फ्लॅश डोक्यांच्या वर असला की निम्मी तक्रार संपते. उरलेली चॅनल बदलून संपते; काही ट्रिगरमध्ये मोकळे चॅनल शोधण्याची सोय असते, ती मुहूर्ताच्या अर्धा तास आधी, हॉल भरल्यावर वापरा. रिकाम्या हॉलमध्ये सगळेच चॅनल मोकळे दिसतात.

अंतरपाट खाली येतो आणि अक्षता पडतात, त्या तांदळाच्या असोत की ज्वारीच्या, हवेत थिजवायच्या असतील तर फ्लॅश १/१६ किंवा त्याखाली ठेवा. पॉवर जितकी कमी तितका फ्लॅशचा उजेड कमी वेळ टिकतो. फुल पॉवरला तो जास्त वेळ टिकतो आणि दाण्यांच्या रेघा होतात. आयएसओ ८०० पर्यंत न्यायला घाबरू नका. पॉवर खाली ठेवण्यासाठी ती किंमत स्वस्त आहे. बर्स्ट मात्र लावू नका. सेकंदाला तीनपेक्षा जास्त फोटो मागितले की छोटा फ्लॅश दम घेतो आणि मधल्या फ्रेम काळ्या येतात. मंगलाष्टकातल्या शेवटच्या ‘सावधान’ला बोट तयार ठेवा, तो क्षण सांगून येतो.

पैठणी

नवरीचा एकटीचा फोटो इथे बिघडतो. जर म्हणजे आरसाच. फ्लॅश कॅमेऱ्याजवळ असेल तर जरीच्या काठावर पांढरे चट्टे येतात, मोर आणि मुनिया त्यात बुडतात, आणि नंतर कॉम्प्युटरवर ते काही केल्या परत येत नाहीत, कारण तिथे माहितीच उरलेली नसते.

पैठणीचं रेशीम ताण्याला एका रंगाचं आणि बाण्याला दुसऱ्या रंगाचं असू शकतं. म्हणून हलवली की धूपछाँव दिसते. समोरचा उजेड ती सपाट करतो. फ्लॅश बाजूला, काठाच्या रेषेशी ५० ते ६० अंशांत न्या. उजेड ज्या कोनात येतो त्याच कोनात परत जातो, तेव्हा तो लेन्सच्या वाटेत नको. कोन कळत नसेल तर फ्लॅशच्या जागी मोबाइलचा टॉर्च धरा आणि कॅमेऱ्याच्या जागेवरून जर बघा. टॉर्चचा ठिपका काठावर चमकत असेल तर फ्लॅशचाही चमकणार. चष्म्यासाठीही हीच युक्ती.

नुसत्या पदराचा, विणकर किंवा दुकानदार विकायला टाकतात तसा फोटो हवा असेल, तर पदर दोरीवर ताणून लावा, मागे घडी दिसू देऊ नका. फ्लॅश आणि पदर यांच्या मध्ये एक मीटर बाय दीड मीटर मांजरपाट ताणा, धुवून मऊ झालेलं, पिवळं न पडलेलं. फ्लॅश मांजरपाटाच्या अर्धा मीटर मागे ठेवा म्हणजे सगळं कापड उजळतं. चिकटवून ठेवला तर मध्ये फक्त एक गोळा पेटतो. पदरापासून फ्लॅश एकूण एक मीटर. आयएसओ २००, एफ ७.१, शटर १/१६०, पॉवर १/४ पासून. दुसऱ्या बाजूला पांढरा थर्माकोल उभा करा. रंग खरा हवा असेल तर पहिल्या फ्रेममध्ये ग्रे कार्ड (रंग जुळवायचं राखाडी कार्ड) ठेवा. जांभळा आणि गर्द निळा हे रंग कॅमेरे हमखास चुकवतात, आणि गिऱ्हाईक साडी हातात आल्यावर भांडतं.

वरात

रात्री शटर १/१५ ते १/३० वर उतरवा, आयएसओ ८०० ते १६००, एफ ४. दिव्यांच्या रेघा येतील आणि नाचणारा चेहरा फ्लॅशने थिजेल. रेघा माणसाच्या मागे हव्या असतील तर रिअर सिंक (शटर मिटताना फ्लॅश उडणं) लागतं. सगळे ट्रिगर ते देत नाहीत, म्हणून आधी घरी तपासा. पिवळ्या दिव्यांसोबत फ्लॅश निळसर वाटतो. फ्लॅशच्या तोंडावर ‘हाफ सीटीओ’ नावाची नारिंगी फिल्म लावा, व्हाइट बॅलन्स ४००० केल्विनच्या आसपास ठेवा. फिल्मने अर्धा स्टॉप जातो, तेवढी पॉवर वाढवा.

अंधारात फोकस हा खरा त्रास. जुन्या फ्लॅशचा लाल जाळीचा किरण बहुतेक मिररलेसना उपयोगी पडत नाही. फ्लॅशला मॉडेलिंग लाइट असेल तर तो मंद चालू ठेवा, नसेल तर धरणाऱ्या पोराच्या हातात छोटा एलईडी द्या.

दुपारच्या उन्हाबद्दल थोडक्यात, कारण इथे अपेक्षा चुकतात. भर उन्हात आयएसओ १०० ला १/२०० आणि एफ ११ हे साधारण माप. मागे धूसर हवं म्हणून एफ २.८ घेतलं की शटर १/३२०० वर जातं, हायस्पीड सिंक लागतं, आणि त्यात फ्लॅशची निम्म्याहून बरीच जास्त ताकद जाते. छोटा फ्लॅश तिथे उरत नाही. लेन्सवर लावायच्या काळपट एनडी८ फिल्टरने तीन स्टॉप कमी होतात आणि शटर १/४०० वर येतं; सिंकमध्ये बसण्यासाठी अपर्चर एफ ४ करा. पण एनडी फ्लॅशचा उजेडही तेवढाच गिळतो, तेव्हा फ्लॅश मीटरभर अंतरावर हवा. त्याहून सोपं म्हणजे माणसाला वाड्याच्या ओसरीत, पिंपळाखाली, सावलीच्या कडेला आणणं.

अजिंठ्याला चित्रांच्या लेण्यांत फ्लॅशला बंदी आहे आणि ती पाळायची. बिबी का मकबरा किंवा देवगिरीला प्री-वेडिंगसाठी स्टँड घेऊन जाण्याआधी पुरातत्त्व खात्याची परवानगी काढा.

अडलं तर

फ्लॅश उडाल्यासारखा डोळ्याला दिसतो, पण फोटोत त्याचा उजेड नाही: तो रेडिओवर नसून ऑप्टिकल एस१ वर राहिला आहे आणि दुसऱ्या कुणाच्या टीटीएलच्या आधीच्या उडीवर पेटून रिकामा होतो. रिसीव्हरच्या खुणेवर परत आणा.

खाली किंवा बाजूला काळी पट्टी: शटर सिंकच्या वर गेलं. कधी-कधी १/२०० लाही बारीक सावली येते, ती रेडिओच्या किंचित उशिरामुळे. १/१६० वर या.

वाइड अपर्चरला, वेगवान शटर आणि हायस्पीड सिंकमध्ये फोटो वरून खाली कमी-जास्त उजळ: इलेक्ट्रॉनिक फर्स्ट कर्टन बंद करून पूर्ण मेकॅनिकल शटर लावा.

दहा मिनिटांनी फ्लॅश गप्प: झोपला आहे. रिसीव्हर असलेल्या फ्लॅशची स्लीप बंद करा किंवा ६० मिनिटांवर न्या. ट्रिगरची झोप वेगळी असते, शटर अर्धं दाबलं की तो उठतो.

फ्लॅश चालू आहे पण रिसायकल, म्हणजे पुन्हा तयार व्हायचा वेळ, अचानक आठ-दहा सेकंदांवर गेला: गरम झाला. चैत्र-वैशाखात परभणी-नांदेडला पारा ४२-४३ वर असतो, आणि फुल पॉवरच्या तीस-चाळीस उड्यांत छोटा फ्लॅश स्वतःला आवरतो. बंद करून सावलीत दहा मिनिटं ठेवा, तोवर दुसरा वापरा. पुन्हा लावताना आयएसओ एक स्टॉप वर, पॉवर एक स्टॉप खाली.

बॅटऱ्या गाडीच्या डॅशबोर्डवर कधीच नाही. बहुतेक लिथियम बॅटऱ्या ४५ अंशांच्या वर चार्ज करायच्या नसतात, म्हणून फ्लॅशमधून काढल्या काढल्या चार्जरला लावू नका, हाताला थंड लागल्यावर लावा. खेड्यात वीज जाते. चार्जर यूएसबीवर चालणारा असेल तर २०,००० एमएएचची पॉवर बँक एका लग्नाला पुरते. फुगलेली, बसवताना अडकणारी बॅटरी पुन्हा वापरायची नाही.

सीझन संपला की सेल काढून ठेवा, लिथियम बॅटरी निम्मी भरलेली ठेवा, शूच्या पिना कोरड्या सुती कापडाने पुसा. पावसाळ्यात डब्यात सिलिका जेलच्या पुड्या टाका आणि महिन्यातून एकदा बॅटरी लावून फ्लॅश फुल पॉवरला दहा वेळा, दोन उड्यांमध्ये अर्धा मिनिट थांबून, उडवा. आतला कपॅसिटर नुसता पडून राहिला की मंदावतो.